झुपीचा शेंगदाणा आणि मुकादमाची खुर्ची

गावाच्या टोकाला एक घर होतं.
होतं म्हणजे, अजून होत होतं.

भिंती होत्या. खिडक्या नव्हत्या.
छत होतं. जिना अर्धाच होता.
बाहेर वाळूचा ढीग होता. ढिगावर कोंबडी बसली होती. कोंबडीचं काही काम नव्हतं. पण ती रोज यायची.

त्या घरापाशी राहायची एक खार. इटुकली, पिटुकली. तिचं नाव झुपी.
अंगापेक्षा शेपूट मोठं. शेपटीपेक्षा भूक मोठी.

एक दिवस झुपीला शेंगदाणा मिळाला. लाल, टपोरा.
कुठून मिळाला? ते विचारायचं नाही.

झुपी भिंतीवर चढली. सुर्र सुर्र, थांब. सुर्र सुर्र, थांब.
भिंतीत एक भोक होतं. गोल गोल भोक.
झुपीने शेंगदाणा भोकात ठेवला. आत, अगदी आत.
"उद्या खाईन," झुपी म्हणाली. आणि गेली भटकायला.

दुसऱ्या दिवशी झुपी आली. बघते तर काय!
भोकात बांबू! जाडजूड, लांबलचक बांबू!
शेंगदाणा आत. बांबू मध्ये. झुपी बाहेर.

झुपीने बांबू ओढला. ऊं... हूं! हलेना.
झुपीने बांबू ढकलला. ऊं... हूं! हलेना.
झुपीने बांबू चावला. थू! थू! कडू!

मग झुपी म्हणाली,
"बांबूदादा, बांबूदादा, सूट ना!"
"का गं शेपटे?"
"माझा शेंगदाणा मला मिळेना!"

बांबू म्हणाला, "मला दोरीने बांधलंय. माझ्यावर फळी आहे. फळीवर गवंडी उभा राहतो. भिंतीला गिलावा लावतो. गिलावा म्हणजे भिंतीचा सिमेंटचा सदरा. गिलावा लागला, तर सुटेन. नाही तर नाही. आधी गवंडी, मग मी!"

"बरं!" म्हणाली झुपी.
सुर्र सुर्र, थांब. सुर्र सुर्र, थांब.

गवंडी होते सिद्राममामा. थापी उशाला घेऊन पडले होते. थापी म्हणजे गिलावा लावायचं हत्यार. पण आत्ता तिच्यावर डोकं होतं.

"सिद्राममामा, सिद्राममामा, गिलावा लावा ना!"
"का गं टवळे?"
"बांबू सुटेना,
माझा शेंगदाणा मला मिळेना!"

सिद्राममामा म्हणाले, "भिंतीला एवढं मोठं भगदाड आहे. तिथं खिडकी यायचीय. आत्ता गिलावा लावला आणि मग खिडकी ठोकली, तर काय होईल? सगळा गिलावा माझ्या टकलावर! खिडकी बसली, तर लावीन. नाही तर नाही. आधी सुतार, मग मी!"
आणि घोरायला लागले. खुर्रर्र... फूस.

"बरं!" म्हणाली झुपी.
सुर्र सुर्र, थांब. सुर्र सुर्र, थांब.

सुतार होते नारबाकाका. कानावर पेन्सिल होती. आणि सगळीकडे पेन्सिलच शोधत होते.

"नारबाकाका, नारबाकाका, खिडकी बसवा ना!"
"का गं? माझी पेन्सिल तू घेतलीस का?"
"कानावर आहे, काका.
गिलावा लागेना,
बांबू सुटेना,
माझा शेंगदाणा मला मिळेना!"

नारबाकाकांनी कान चाचपला. दुसरा कान. पेन्सिल काही सापडली नाही.
ते म्हणाले, "खिडकी तयार आहे. बघ, कशी गुळगुळीत! पण आत जाऊ कुठून? घरभर टेकूच टेकू. छताला खालून धरणारे खांब! परवा एकावर नाक आपटलं. टेकू निघाले, तर बसवीन. नाही तर नाही. आधी टेकूवाला, मग मी!"

"बरं!" म्हणाली झुपी.
सुर्र सुर्र, थांब. सुर्र सुर्र, थांब.

टेकूवाला होता बसूअण्णा. धिप्पाड. मिश्या केवढ्या! झुपीला वाटलं, याला दोन शेपट्या नाकाखालीच आल्यात.

"बसूअण्णा, बसूअण्णा, टेकू काढ ना!"
"का गं चिमूटभर?"
"खिडकी बसेना,
गिलावा लागेना,
बांबू सुटेना,
माझा शेंगदाणा मला मिळेना!"

बसूअण्णा म्हणाला, "वर बघ. ते छत. त्याला म्हणतात स्लॅब. तो अजून कच्चा आहे. आत्ता टेकू काढला, तर स्लॅब खाली. धडाम! मी चपाती. तू पापड. स्लॅब पक्का झाला, तर काढीन. नाही तर नाही. आधी स्लॅब, मग मी!"

"बरं!" म्हणाली झुपी. तिला पापड व्हायचं नव्हतं.
सुर्र सुर्र, थांब. सुर्र सुर्र, थांब.

स्लॅबोबा वर आडवा पडला होता. जाड, सपाट, करडा. उन्हात तापला होता. झुपीचे पाय चटचट भाजले. ती एका पायावर नाचली. मग दुसऱ्या. मग तिसऱ्या. मग चौथ्या.

"स्लॅबोबा, स्लॅबोबा, पक्का हो ना!"
"का गं नाचरे?"
"टेकू निघेना,
खिडकी बसेना,
गिलावा लागेना,
बांबू सुटेना,
माझा शेंगदाणा मला मिळेना!"

स्लॅबोबा म्हणाला, "मला तहान लागलीय. सिमेंटला पाणी लागतं, पोरी. पाणी प्यायलं, की सिमेंट घट्ट होतं. नाही प्यायलं, की तडकतं. सकाळपासून थेंब नाही! पाइप वाहिला, तर होईन. नाही तर नाही. आधी पाइप, मग मी!"

"बरं!" म्हणाली झुपी.
सुर्र सुर्र, थांब. सुर्र सुर्र, थांब.

पाइप होता हिरवा. लांबच लांब. इकडून फुगलेला. तिकडून चपटा. आणि मध्ये? मध्ये त्याच्या पोटावर खुर्चीचा पाय!

"पाइपदादा, पाइपदादा, वाह ना!"
"का... गं...?" पाइपाचा आवाज अगदी बारीक निघाला. चीं चीं.
"स्लॅब पक्का होईना,
टेकू निघेना,
खिडकी बसेना,
गिलावा लागेना,
बांबू सुटेना,
माझा शेंगदाणा मला मिळेना!"

पाइप म्हणाला, "मोटार चालू आहे. पाणी आलंय. माझ्या गळ्यापर्यंत आलंय! पण पोटावर खुर्ची आहे. खुर्ची हलली, तर वाहीन. नाही तर नाही. आधी खुर्ची, मग मी!"

"बरं!" म्हणाली झुपी.
तिला लांब जावंच लागलं नाही. सुर्र, थांब.

खुर्ची होती प्लॅस्टिकची. लाल. चारही पाय फाकलेले. पाठ वाकलेली.

"खुर्चीबाई, खुर्चीबाई, हल ना!"
"का गं बाई?"
"पाइप वाहेना,
स्लॅब पक्का होईना,
टेकू निघेना,
खिडकी बसेना,
गिलावा लागेना,
बांबू सुटेना,
माझा शेंगदाणा मला मिळेना!"

खुर्ची म्हणाली, "हलू कशी? वर बघ कोण बसलंय! मुकादम! सकाळी बसले, ते बसलेच. जड आहेत गं. आणि मधूनच ढुस्स करतात. सगळं माझ्यावर! मुकादम उठले, तर हलेन. नाही तर नाही. आधी मुकादम, मग मी!"

"बरं!" म्हणाली झुपी. नाक धरलं. आणि वर बघितलं.

मुकादम म्हणजे सगळ्यांना काम सांगणारा. हे होते दौलतराव मुकादम. पोट पुढे, टोपी मागे, फोन कानाला. पलीकडून मालकीणबाई बोलत होत्या. हे घर त्यांचंच.
"काम कसं चाललंय, मुकादम?"
"जोरात, बाई! एकदम जोरात!" मुकादम म्हणाले. आणि जांभई दिली. आऽऽऽ!
गवंडी घोरत होता. सुतार पेन्सिल शोधत होता. बसूअण्णा मिशी पिळत होता. कोंबडी वाळूवर बसली होती.
"जोरात!" मुकादम पुन्हा म्हणाले.

"मुकादमकाका, मुकादमकाका, उठा ना!"
"कोण गं तू? कामाच्या वेळी मध्ये मध्ये!"
"खुर्ची हलेना,
पाइप वाहेना,
स्लॅब पक्का होईना,
टेकू निघेना,
खिडकी बसेना,
गिलावा लागेना,
बांबू सुटेना,
माझा शेंगदाणा मला मिळेना!"

मुकादम म्हणाले, "उठू? मी? आणि चहाशिवाय? चहा आल्याशिवाय माझे गुडघे उघडतच नाहीत. चहा झाला, तर उठेन. नाही तर नाही. आधी चहा, मग मी!"

"बरं!" म्हणाली झुपी. पण जरा हळूच म्हणाली. तिचे पाय दुखत होते.
सुर्र... थांब. सुर्र... थांब.

चहा करायची अंबूमावशी. झाडाखाली चूल होती. चुलीवर पातेलं होतं. पातेल्यात साखर होती. चहाची पूड होती. आलंही होतं. अंबूमावशी कमरेवर हात ठेवून उभी होती.

"अंबूमावशी, अंबूमावशी, चहा कर ना!"
"का गं माझे बाई? तुला पण हवाय?"
"नाही गं!
मुकादम उठेना,
खुर्ची हलेना,
पाइप वाहेना,
स्लॅब पक्का होईना,
टेकू निघेना,
खिडकी बसेना,
गिलावा लागेना,
बांबू सुटेना,
माझा शेंगदाणा मला मिळेना!"

अंबूमावशीने पातेलं उलटं केलं. साखर पडली. पूड पडली. आलं पडलं. टप!
पाणी काही पडलं नाही.

"चहा कशाचा करू?" अंबूमावशी म्हणाली. "माझ्या घामाचा? पाणी आलं, तर करीन. नाही तर नाही. आधी पाणी, मग मी!"

"बरं!" म्हणाली झुपी. निघाली. आणि थांबली.
"मावशी, पाणी कुठून येतं?"
"पाइपातून."
"पाइप कुठे अडलाय?"
"खुर्चीखाली."
"खुर्चीवर कोण बसलंय?"
"तो दौलत्या!"
"त्याला काय हवंय?"
"चहा."
"आणि चहाला काय हवंय?"
"पाणी."
"आणि पाणी कुठून येतं?"
"अगं, पाइपातून!"

झुपी स्वतःभोवती गोल फिरली. शेपटीमागे नाक, नाकामागे शेपूट. एकदा फिरली. आणखी एकदा फिरली. चक्कर आली. धपकन बसली.

तिकडे सूर्य वर वर चढला. स्लॅबोबा तापला. "पाणी!" त्याने हाक मारली. "लवकर पाणी! नाही तर तडकेन!"
स्लॅब तडकला, तर टेकू कायमचे. टेकू कायमचे, तर बांबू कायमचा. बांबू कायमचा, तर शेंगदाणा?
झुपीच्या डोळ्यांत पाणी आलं. टिपूस टिपूस. तेवढ्यात चहा होत नाही.

मग झुपी उठली. शेपूट झटकलं.
"हा म्हणतो आधी तो. तो म्हणतो आधी ती. ती म्हणते आधी पाणी. बास!" झुपी म्हणाली. "आता आधी मी!"

सुर्र सुर्र सुर्र सुर्र! थांबलीच नाही!
मुकादमांच्या चपलेवर, सुर्र!
मुकादमांच्या घोट्यावर, सुर्र!
मुकादमांच्या पॅन्टमध्ये, सुर्र सुर्र!
गुडघ्यापाशी गुदगुल्या, सुर्र सुर्र सुर्र!
आणखी वर गेली. पुढचं सांगत नाही.

"आई गंऽऽऽ!" मुकादम ओरडले. "साप! उंदीर! विंचू! सगळंच आहे आत!"
टुणकन उडाले! या पायावर नाचले. त्या पायावर नाचले. टोपी उडाली. कोंबडी उडाली. चहाशिवाय दोन्ही गुडघे उघडले!

फोनमधून मालकीणबाई म्हणाल्या, "मुकादम, कसला आवाज हा?"
"का... काम, बाई! जोरात! आई गं! फार जोरात!"
"ऐकू येतंय हो!" मालकीणबाई म्हणाल्या.

मुकादम उठले,
खुर्ची पडली,
पाइप वाहिला. भस्सऽऽऽ!
पाणी पहिल्यांदा कोणावर उडालं? मुकादमांवर! टकलापासून तळव्यापर्यंत!
झुपी पॅन्टच्या दुसऱ्या पायातून बाहेर आली. ओली चिंब. शेपूट म्हणजे नुसता दोरा.

अंबूमावशीने पातेलं धरलं. चहा उकळला, रटरट रटरट. गवंड्याला दिला. सुताराला दिला. बसूअण्णाला दिला. मुकादमांना सगळ्यात शेवटी दिला.

आणि पाइप चढला वर. स्लॅबोबा पाणी प्यायला. गटगट गटगट!
आज प्यायला. दुसऱ्या दिवशी प्यायला. रोज रोज प्यायला. पिऊन पिऊन वाहायला लागला. भिंती न्हाल्या. विटा न्हाल्या. बांबूचं भोकसुद्धा न्हालं.
झुपी रोज येऊन विचारायची, "झालास का पक्का?"
"नाही गं. अजून नाही."
"झालास का पक्का?"
"दम धर की!"
मग एके दिवशी बसूअण्णा वर गेला. पाय आपटला. ठण्ण!
"झाला पक्का!"

मग टेकू निघाला. ठक, ठक, धप!
खिडकी बसली. टक, टक, टक!
नारबाकाका खाली वाकले, तेव्हा कानावरून पेन्सिल पडली. "अरे, ही इथे कशी?" ते म्हणाले.
मग गिलावा लागला. थाप, थाप, सर्रऽऽ! भिंतीने नवा सदरा घातला.
मग दोरी सुटली. आणि मग, आणि मग...
बांबू सुटला! सळ्ळऽऽऽ!

भोक उघडं! गोल गोल भोक!

पण अरे! सिद्राममामांच्या हातात थापी. थापीवर ओलं सिमेंट. बांबू निघाला, की गवंडी भोक बुजवतो. लगेच बुजवतो. हात आपोआप जातो. सिद्राममामांचा हात निघालासुद्धा...

सुर्रऽऽऽ!
झुपी भोकात घुसली. डोकं आत, पाय आत, पोट आत. शेपूट मात्र बाहेर.

सिद्राममामा थांबले.
"नारबा," ते म्हणाले, "भिंतीला शेपूट फुटलंय."
"तुझ्या भिंतीला काहीही फुटेल," नारबाकाका म्हणाले.
"हलतंय रे!"
"मग रंग दे त्याला!"

आतून आवाज आला. ऊं... हूं! ऊं... हूं!
"झुपे, काय करतेस आत?"
"शेंगदाणा निघेना, मामा! पाणी पिऊन फुगलाय!"
"अगं, माझं सिमेंट सुकतंय!"
"ऊं... हूं!"
"बाहेर ये! मला भोक बुजवायचंय!"
झुपी म्हणाली, "मी नाही येत. शेंगदाण्याशिवाय नाही येत. मलाही बुजवा!"

सिद्राममामांनी थापीकडे बघितलं. शेपटीकडे बघितलं. थापीवरचं सिमेंट गळलं. पच्च! खाली मुकादम उभे होते. बरोबर टोपीवर.
सिद्राममामा खालच्या फळीवर बसले. मांडी घातली. थापी बाजूला ठेवली.
"बरं बाई," ते म्हणाले. "आधी तू, मग मी!"

ऊं... हूं!
ऊंऽऽ... हूंऽऽ!
ऊंऽऽऽऽ... पॉक!

शेपूट बाहेर, पाय बाहेर, पोट बाहेर, डोकं बाहेर. आणि तोंडात शेंगदाणा!
केवढा तो! दुप्पट फुगलेला. आणि त्याला फुटला होता मोड. पांढरा पांढरा, वाकडा वाकडा, इटुकला मोड.

सिद्राममामांनी नवं सिमेंट घेतलं. थाप! भोक बुजलं.

झुपी गेली नव्या खिडकीत. शेपूट पाठीवर घेतलं. शेंगदाणा दोन्ही हातांत धरला.
कुरुम कुरुम. कुरुम कुरुम.
आधी मोड खाल्ला. मग शेंगदाणा खाल्ला. मग बोटं चाटली.

खाली मालकीणबाई आल्या होत्या. "वास्तुशांत कधी करायची?" त्या मुकादमांना विचारत होत्या. "भटजी बोलवायचेत. पाहुणे बोलवायचेत. नव्या घरातलं पहिलं जेवण कसं थाटात झालं पाहिजे!"

वर खिडकीत कोणीतरी ढेकर दिली.
ढुब्क!